निर्वासित आपल्या दारी

निर्वासित म्हटले की आम्हा सातारा-सांगलीकरांना दूरचे देश आठवतात. परंतु हा इतिहास आपल्या दारातलाच आहे.

१९४० मध्ये सोव्हिएत सत्तेने पूर्व पोलंडमधील लाखो लोकांना सैबेरिया व कझाकस्तानात हाकलले. पुढे सुटलेल्यांपैकी काही इराणमार्गे भारतात आले. १९४३ पासून मिरज-कोल्हापूर लोहमार्गावरील वळिवडे येथे सुमारे ५००० पोलिश राहिले. त्यांत स्त्रिया व मुलेच अधिक. त्यांच्या आजाऱ्यांची सोय पाचगणीत होती. १९४८ पर्यंत ते गेले आणि त्याच वसाहतीत फाळणीने बेघर केलेले सिंधी बांधव आले. तेच आजचे गांधीनगर. २०१९ मध्ये काही वृद्ध पोलिश आपले बालपण शोधत कोल्हापुरास परत आले. आसरा माणूस विसरत नाही.

ऑगस्ट २०१७ पासून सात लाखांहून अधिक रोहिंग्या म्यानमारमधून बांगलादेशात पळाले. १९८२ च्या कायद्यामुळे त्यांतील बहुतेकांना नागरिकत्वच नाही. म्यानमार बौद्धबहुल देश, म्हणून ही गोष्ट आम्हाला अधिक बोचते. करुणा समोरच्याचा धर्म विचारून करायची नसते. विद्यार्थी मित्रांनी गांधीनगरच्या वडीलधाऱ्यांच्या आठवणी ऐकून लिहून ठेवाव्यात, ही विनंती.