तीनच्या आत बी फॉर्म

२८ मार्च २०२४ ला एकनाथ शिंदे यांच्या शिवसेनेने लोकसभेच्या आठ उमेदवारांची यादी काढली. हिंगोलीपुढे विद्यमान खासदार हेमंत पाटील यांचं नाव होतं. जिल्ह्यातले भाजपचे पदाधिकारी उघड कुरकुरत होते, पण यादीतलं नाव म्हणजे तिकीट पक्कं, असा आपला समज. सहाव्या दिवशी, ३ एप्रिलला, नाव बदललं. हिंगोलीत आले बाबुराव कदम कोहळीकर. पाटलांच्या पत्नी राजश्री यांना शेजारच्या यवतमाळ-वाशीममधून उभं करण्यात आलं, आणि त्यासाठी तिथल्या पाच वेळच्या खासदार भावना गवळी यांना थांबावं लागलं. अर्ज भरायची मुदत दुसऱ्या दिवशी दुपारी तीनला संपत होती.

या तीन वाजण्याला आमच्याकडे फार किंमत आहे. फॉर्म ए म्हणजे पक्षातर्फे सही करायचा अधिकार कोणाला, ते सांगणारा कागद. फॉर्म बी म्हणजे त्या सहीने ‘हाच आमचा उमेदवार’ असं कळवणारा. सही शाईचीच लागते, झेरॉक्स चालत नाही. बी फॉर्मवर पर्यायी उमेदवाराचंही नाव असतं. मुख्य अर्ज छाननीत उडाला तर हा ‘डमी’ पक्षाचा उमेदवार होतो. म्हणून डमीच्या जागी घरचं माणूस बसवायची पद्धत पडली. पक्षाने पहिला कागद रद्द करून मुदतीत दुसऱ्याच्या नावाचा दिला, तर चिन्हही दुसऱ्याकडे जातं. वर्षानुवर्षं सतरंज्या उचललेला कार्यकर्ता शेवटच्या दिवशी कचेरीच्या दारात उभा असतो, आणि पाकिटात कोणाचं नाव आहे ते पाकीट आणणाऱ्यालाही कधी कधी ठाऊक नसतं. तालुक्यातल्या सभासदांनी मतं देऊन उमेदवार ठरवल्याचं हिंगोलीत मी तरी ऐकलेलं नाही. कुठल्याच पक्षात.

अशा वरून आलेल्या कागदाने २०१४ मध्ये मोठी गंमत केली होती. २००९ ला ही जागा राष्ट्रवादीकडे होती. केंद्रात राज्यमंत्री असलेल्या सूर्यकांता पाटील शिवसेनेच्या सुभाष वानखेडे यांच्याकडून हरल्या. पुढच्या वेळी काँग्रेस-राष्ट्रवादी आघाडीत अदलाबदल झाली: हिंगोली काँग्रेसला, रायगड राष्ट्रवादीला. इथे काँग्रेसने कळमनुरीचे आमदार राजीव सातव यांना उतरवलं. मसोडचा हा तरुण पंचायत समितीपासून पायरी पायरीने वर आलेला. त्या वेळी तो युवक काँग्रेसचा राष्ट्रीय अध्यक्ष होता. युवक काँग्रेसमध्ये तेव्हा खालच्या पदांसाठी रीतसर निवडणुका घ्यायचा प्रयोग चालू होता, निवृत्त मुख्य निवडणूक आयुक्त लिंगडोह यांच्या संस्थेच्या देखरेखीखाली. राष्ट्रीय अध्यक्ष मात्र नेमलेलाच.

१६ मे २०१४ ला मोदी लाटेत सातव १,६३२ मतांनी निवडून आले. अठ्ठेचाळीसपैकी काँग्रेसच्या हाती लागल्या दोनच जागा, नांदेड आणि हिंगोली. बदल्यात दिलेल्या रायगडमध्ये राष्ट्रवादीचे सुनील तटकरे २,११० मतांनी पडले. तिथे सुनील तटकरे याच नावाचा एक अपक्ष उभा होता आणि त्याने नऊ हजारांवर मतं खाल्ली होती. मतदार चिन्ह बघतो की नाव, यावर चहाच्या टपरीवर वाद घालणाऱ्यांना तेव्हापासून हा दाखला पुरतो. सूर्यकांताताई त्याच वर्षी भाजपमध्ये गेल्या.

पुढचा अंक २०१९ चा. गुजरातचे प्रभारी असलेले सातव उभे राहिले नाहीत. काँग्रेसने तिकीट दिलं वानखेडे यांना! ज्यांना पाडून काँग्रेसने जागा जिंकली होती, तेच आता पंजा घेऊन गावोगाव. शिवसेनेच्या हेमंत पाटलांनी त्यांना पावणेतीन लाखांवर मतांनी हरवलं. १,६३२ वरून थेट २,७७,८५६. वानखेडे यांची माणसं त्यांच्याबरोबर गेली असतीलही, धनुष्यबाण गेला नाही, एवढं दिसलं. सातव पुढे राज्यसभेवर गेले आणि कोरोनानंतरच्या गुंतागुंतीने २०२१ मध्ये गेले. तारीख १६ मे.

मग शिवसेना फुटली आणि तो धनुष्यबाणच दोघांत आला. जून २०२२ मध्ये शिंदे आमदारांना घेऊन सुरतेला आणि तिथून गुवाहाटीला गेले, तेव्हा कळमनुरीचे आमदार संतोष बांगर गेले नाहीत. ते उद्धव ठाकरे यांच्यासाठी हिंगोलीत लोकांसमोर ढसाढसा रडले आणि गेलेल्यांना परत या म्हणाले. ३ जुलैला विधानसभा अध्यक्षांच्या निवडणुकीत त्यांचं मत ठाकरे यांच्या बाजूने पडलं. ४ जुलैला विश्वासदर्शक ठरावाच्या मोजणीत ते शिंदे यांच्या रांगेत उभे होते. मधली एक रात्र. तिच्याबद्दल जिल्ह्यात डझनभर गोष्टी सांगितल्या जातात आणि सांगणारा प्रत्येक जण स्वतः तिथे असल्यासारखा सांगतो. त्यातली एकही छापावी अशी नाही.

मला जास्त महत्त्वाचं वाटतं ते नंतरचं. ठाकरे यांनी बांगर यांना जिल्हाप्रमुखपदावरून काढलं. शिंदे यांनी त्यांना त्याच पदावर कायम ठेवलं. जिल्ह्यातल्या शिवसैनिकाला विचारायची पाळी कोणावरच आली नाही, कारण जिल्हाप्रमुख नेमायचा असतो, निवडायचा नसतो. बाळासाहेबांच्या काळापासून हेच चालत आलं आणि तेव्हा कोणाला खटकलंही नाही.

निवडणूक आयोगाला मात्र खटकलं. १७ फेब्रुवारी २०२३ च्या आदेशात आयोगाने म्हटलं की १९९९ मध्ये पक्षाने घटनेत अंतर्गत निवडणुकांची सोय केली होती, पण २०१८ चे बदल आयोगाकडे पोचलेच नाहीत, आणि एकाने नेमलेल्यांच्या बहुमतावर पक्ष कोणाचा हे ठरवता येत नाही. म्हणून मोजले गेले निवडून आलेले: ५५ पैकी ४० आमदार आणि १८ पैकी १३ खासदार शिंदे यांच्याकडे. चाळीसांत बांगर, तेरांत हेमंत पाटील. दोन्ही बेरजांत हिंगोलीचा एकेक आकडा आहे. नाव आणि धनुष्यबाण शिंदे यांना मिळालं, ठाकरे यांच्याकडे मशाल राहिली. पक्षाची घटना नावाचा दस्तऐवज जिल्ह्यात किती जणांनी पाहिला असेल? त्या आदेशामुळे निदान असं काही असतं हे तरी कळलं.

चिन्हाशी इथल्या मतदाराची ओळख मात्र जुनी. १९५२ च्या पहिल्या निवडणुकीत प्रत्येक उमेदवाराची वेगळी पेटी असे, तिच्यावर चिन्ह, आणि शिक्का न मारता मतपत्रिका आपल्या पेटीत टाकायची. नुकताच निजामाच्या राज्यातून सुटलेला इथला माणूस चित्र ओळखून लोकशाहीत शिरला. बहात्तर वर्षांनी त्याच्यापुढे प्रश्न उलटा आला, चित्र जुनं आणि माणसं वाटली गेलेली.

आणि वाटली गेलेली माणसंही एकमेकांना पुरती ओळखणारी. मशालीवर उभे होते हदगावचे माजी आमदार नागेश पाटील आष्टीकर. २०१९ ला हदगाव विधानसभेत आष्टीकर शिवसेनेचे अधिकृत उमेदवार होते, तेव्हा अपक्ष लढून त्यांच्यापुढे दुसऱ्या क्रमांकावर गेले होते हेच कोहळीकर. जागा काँग्रेसला गेली. आता बंडखोराच्या हाती धनुष्यबाण होता आणि अधिकृताच्या हाती मशाल. ४ जूनला आष्टीकर १,०८,६०२ मतांनी जिंकले. १९८९ मध्ये उत्तमराव राठोड निवडून आले त्यानंतर कोणालाही लागोपाठ दुसऱ्यांदा खासदार न करण्याची हिंगोलीची सवय कायम राहिली. या वेळी ती सवय मोडायची संधीच हेमंत पाटलांना मिळाली नाही. यवतमाळ-वाशीममध्ये राजश्री पाटीलही हरल्या.

नोव्हेंबरात विधानसभा. हिंगोली, कळमनुरी, वसमत, हदगाव, किनवट, उमरखेड, या लोकसभा मतदारसंघातल्या सहाही जागा महायुतीने घेतल्या. जूनमध्ये लाखाची पिछाडी, नोव्हेंबरात सगळं खिशात. लाडकी बहीण, पैसा, मराठा आंदोलनाचा ओसरलेला जोर, अशी कारणं आमच्या धंद्यातले लोक पटापट सांगतात. मला त्यातलं पहिलं पटतं, बाकीची थोडीथोडी.

दरम्यान पुनर्वसनाचं खातं जोरात होतं. हेमंत पाटील ऑक्टोबरात राज्यपालनियुक्त आमदार झाले. वसमतच्या हळद संशोधन केंद्राचं अध्यक्षपद त्यांच्याकडे होतंच. भावना गवळी त्याआधीच विधान परिषदेवर गेल्या होत्या. सूर्यकांता पाटील लोकसभेच्या निकालानंतर तीन आठवड्यांत भाजप सोडून शरद पवार यांच्याकडे परतल्या. बांगर कळमनुरीत पुन्हा निवडून आले. आणि कोहळीकर त्याच हदगावातून आमदार झाले, या वेळी रीतसर बी फॉर्म घेऊन.