हर्शी, मेरी एलिझाबेथ आणि रविवारची रात्र

साठच्या दशकात अमेरिकेत रविवारी रात्री आठ वाजता घरोघरी सीबीएस वाहिनीवर ‘द एड सलिव्हन शो’ लागायचा. १९४८ ते १९७१ अशी तेवीस वर्षे चाललेल्या या तासाभराच्या कार्यक्रमात ऑपेरा, कसरती, बोलक्या बाहुल्या, बीटल्स अशी सगळी सरमिसळ असे. विनोदवीरांच्या वाट्याला मोजकीच मिनिटे येत आणि समोर आजीपासून नातवंडांपर्यंत सगळे कुटुंब बसलेले असे. या मंचावर १९६३ पासून जेरी स्टिलर आणि ॲन मीरा हे नवरा-बायको तीसहून अधिक वेळा आले.

जेरी ब्रुकलिनचा ज्यू, अंगाने बुटका. ॲन आयरिश कॅथलिक घरातली, त्याच्याहून चांगलीच उंच. दोघे नाटकवाले; लग्न १९५४ चे. विनोदी जोडी जमवायची कल्पना जेरीची. ॲनचा ओढा गंभीर नाटकाकडे होता. ‘कंपास प्लेयर्स’ या नाटकमंडळीत दोघांनी संहितेशिवाय, ऐनवेळी प्रसंग फुलवण्याचे धडे गिरवले. पात्रांमधला जिवंतपणा तिथूनच आला.

त्यांची गाजलेली पात्रे म्हणजे हर्शी होरोविट्झ आणि मेरी एलिझाबेथ डॉइल. संगणकाने जुळवलेले हे स्थळ. बोलता बोलता कळते की दोघे एकाच वस्तीत राहतात, तरी आजवर एकमेकांना कधी दिसलेले नाहीत. त्याच्या ओळखीचे ज्यू, तिच्या ओळखीचे कॅथलिक. गल्ली एक आणि जगे दोन. प्रेक्षक हसत, कारण ती अदृश्य भिंत त्यांच्याही गल्लीत होती. खुद्द कार्यक्रमाचे सूत्रसंचालक एड सलिव्हन आयरिश कॅथलिक होते आणि त्यांच्या पत्नी सिल्व्हिया ज्यू. ॲनने १९६१ मध्येच ज्यू धर्म स्वीकारला होता. मंचावर मात्र ती कॅथलिक मेरी एलिझाबेथच राहिली.

नवरा-बायकोच्या विनोदाचा तोवरचा साचा जॉर्ज बर्न्स आणि ग्रेसी ॲलन यांनी घडवलेला. तो समंजस, ती भाबडी. त्यात ग्रेसीचे कसब अफाट होते, पण हशा पिकायचा तो तिच्या पात्राच्या अजब तर्कावर. ॲनने तो साचा मोडला. मेरी एलिझाबेथ हर्शीइतकीच हुशार, तितकीच अवघडलेली आणि तितकीच उत्सुक. दोघेही एकमेकांच्या तोडीस तोड असल्याने हशा एकाच्या फजितीतून येत नसे, दोघांमधल्या अंतरातून येई.

१९७० च्या सुमारास मंचावरची ही जोडी थांबली. भूमिका कुठे संपते आणि संसार कुठे सुरू होतो, हेच उमगेनासे झाले होते. संसार मात्र २०१५ मध्ये ॲनच्या निधनापर्यंत, साठ वर्षे टिकला. पुढे ‘साइनफेल्ड’ या विनोदी मालिकेतला तापट फ्रँक कोस्टान्झा म्हणून जेरी नव्या पिढीला भेटला, अभिनेता बेन स्टिलर हा त्यांचाच मुलगा.

धर्म, घराणे, रीतभात यांवरचा विनोद बहुधा कुणाला तरी खाली पाडून उभा राहतो. या दोघांनी त्याच विषयावर कोट्यवधी घरांना हसवले आणि दोन्हीकडच्या माणसांचा मान राखला. आंतरधर्मीय लग्नाकडे भुवया उंचावून पाहणाऱ्या काळात हे जमवणे फार मोठी गोष्ट होती. विनोदी लेखन करणाऱ्या प्रत्येकाने ही कला त्यांच्याकडून शिकावी.