तुर्की भाषासुधारणा

तुर्की प्रजासत्ताकाने १९२८ पासून राबविलेली, तुर्की भाषेची लिपी व शब्दसंग्रह बदलण्याची योजना. तीत दोन भिन्न गोष्टी अंतर्भूत होत्या : अरबी लिपीऐवजी रोमन लिपीचा स्वीकार (१९२८) आणि अरबी-फार्सी शब्दांची हकालपट्टी करून त्यांच्या जागी ‘शुद्ध’ तुर्की शब्द रूढ करण्याची चळवळ (१९३२ पासून). दोहोंचा उल्लेख बहुधा एकत्रच करण्यात येतो; पण पहिलीने भाषेची एक खरीखुरी अडचण दूर केली, तर दुसरीने अभिव्यक्तीचे नवे सामर्थ्य देत असतानाच एका समाजाला त्याच्या नजीकच्या भूतकाळापासून तोडले.

ऑटोमन साम्राज्याची राजभाषा व्याकरणाने तुर्की असली, तरी तिचा शब्दसंग्रह मोठ्या प्रमाणात अरबी व फार्सी होता. इतकेच नव्हे, तर या दोन भाषांतील समासरचना व अनेकवचनाचे प्रत्ययही तिने उचलले होते. दरबारी गद्य अनातोलियातील शेतकऱ्यास कळत नसे. त्यात लिपीची भर पडली. तुर्कीत आठ स्वर आहेत आणि स्वरसंवाद हा तिच्या व्याकरणाचा पाया आहे. अरबी लिपी मुख्यतः व्यंजने दर्शविणारी आहे. त्यामुळे ‘ओल्दू’ (झाला) व ‘अल्द्यू’ (मेला) हे दोन शब्द एकाच तऱ्हेने लिहिले जात व कोणता अर्थ घ्यावयाचा, हे वाचकाने संदर्भावरून ठरवावयाचे असे. उलट, अरबीतील अनेक व्यंजनांचे उच्चार तुर्कीत एकच झाल्याने एका ‘स’ किंवा ‘झ’ या ध्वनीसाठी तीन-चार अक्षरे शिकावी लागत.

या अडचणीची जाणीव प्रजासत्ताकाच्या फार पूर्वीची आहे. १८६२ मध्ये म्युनिफ पाशाने इस्तंबूल येथील एका व्याख्यानात लिपिसुधारणेचा प्रश्न मांडला. पुढील वर्षी आझरबैजानी नाटककार फतह अली आखुंदझादे हा स्वतःची लिपियोजना घेऊन इस्तंबूलला आला. तिची प्रशंसा झाली, स्वीकार मात्र झाला नाही. पहिल्या महायुद्धाच्या काळात एन्व्हर पाशाने अक्षरे सुटी लिहिण्याची पद्धत सैन्यात सुरू केली. ऐन युद्धात तिने गोंधळच वाढविला व ती सोडून द्यावी लागली. भाषेच्या बाबतीत सालोनिका येथील गेंच कालेमलेर या नियतकालिकातून ओमेर सेफेत्तिन प्रभृतींनी १९११ मध्ये ‘नवी भाषा’ हा विचार मांडला. परकी व्याकरण टाकावे, पण रूढ झालेले शब्द ठेवावेत, ही त्यांची आणि झिया गोकाल्पचीही भूमिका होती. पुढील घटना पाहता ही मध्यममार्गी भूमिका अधिक समंजस होती, असे म्हणावे लागते.

१९२६ मध्ये बाकू येथे भरलेल्या तुर्कविद्या परिषदेने सोव्हिएट संघातील तुर्कवंशीय भाषांसाठी रोमन लिपीचा पुरस्कार केला. तुर्कस्तानात खिलाफत १९२४ मध्येच नष्ट झाली होती. एप्रिल १९२८ मध्ये इस्लाम हा राज्याचा धर्म असल्याचे कलम संविधानातून वगळण्यात आले. त्याच वर्षी नेमलेल्या भाषामंडळाने लिपिपरिवर्तनासाठी पाच ते पंधरा वर्षांचा अवधी सुचविला. मंडळाचा एक सदस्य फालिह रिफ्की याने लिहून ठेवल्याप्रमाणे, मुस्ताफा केमालने हे काम तीन महिन्यांत होईल किंवा कधीच होणार नाही, असे उत्तर दिले. दोन्ही लिप्या शेजारी-शेजारी छापल्या, तर लोक फक्त जुनीच वाचतील, हा त्याचा तर्क होता. ९ ऑगस्ट १९२८ रोजी रात्री इस्तंबूलच्या साराय्‌बुर्नू उद्यानात त्याने नव्या लिपीची घोषणा केली आणि नंतर तेकिरदा, सिनोप, सिवास, कायसेरी इ. गावी जाऊन फळ्यावर अक्षरे लिहून दाखविली. १ नोव्हेंबर रोजी संसदेने कायदा संमत केला. १ डिसेंबरपासून वृत्तपत्रे व १ जानेवारी १९२९ पासून पुस्तके नव्या लिपीतच छापणे बंधनकारक झाले. वृत्तपत्रांचा खप एकदम घटला व शासनास त्यांना साहाय्य करावे लागले.

नव्या वर्णमालेत २९ अक्षरे असून त्यांपैकी आठ स्वर आहेत. एका ध्वनीस एक अक्षर, हे तत्त्व तीत बहुतांशी पाळलेले असल्याने ती अल्पावधीत शिकता येते. १९२९ च्या आरंभी ‘राष्ट्रशाळा’ उघडण्यात येऊन प्रौढांना नवी अक्षरे शिकविण्यात आली. १९२७ मध्ये साक्षरतेचे प्रमाण दहा टक्क्यांच्या आसपास होते. १९३५ मध्ये ते सु. वीस टक्के झाले. या वाढीचे श्रेय केवळ लिपीस देता येणार नाही, कारण शाळांचा प्रसारही त्याच सुमारास झाला. परिवर्तनामागे राजकीय हेतूही स्पष्ट होता. १९२९ मध्ये माध्यमिक शाळांतून अरबी व फार्सी हे विषय काढून टाकण्यात आले, यावरून तो दिसून येतो.

शब्दशुद्धीसाठी १२ जुलै १९३२ रोजी पुढे तुर्की भाषा संस्था (तुर्क दिल कुरुमू) या नावाने प्रसिद्धीस आलेले मंडळ स्थापन झाले. शिक्षक व अधिकारी यांच्याकरवी बोलीभाषांतील शब्द गोळा करण्यात आले. जुन्या ग्रंथांतूनही शब्द वेचले गेले. १९३४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या संग्रहात एकेका अरबी शब्दास अनेक पर्याय दिलेले होते. परिणामी प्रत्येक लेखक आपापला पर्याय निवडू लागला आणि एकाचे लेखन दुसऱ्यास कळेनासे झाले. १९३५ नंतर पुढे आलेल्या ‘सूर्य-भाषा सिद्धांता’ने जगातील सर्व भाषांचा उगम तुर्कीत असल्याचे प्रतिपादन केले. शास्त्रदृष्ट्या तो निराधार होता. परंतु सर्वच शब्द मुळात तुर्की ठरल्यामुळे कोणताही शब्द हाकलण्याचे कारण उरले नाही व भाषेस थोडी उसंत मिळाली.

नवनिर्मित शब्दांपैकी अनेक टिकले. ‘मेक्तेप’ऐवजी ‘ओकुल’ (शाळा), ‘मुआल्लिम’ऐवजी ‘ओरेत्मेन’ (शिक्षक), ‘तय्यारे’ऐवजी ‘उचाक’ (विमान) हे शब्द आज सर्वतोमुखी आहेत. ‘ओकुल’ वाचणे या अर्थाच्या धातूपासून साधला असला, तरी फ्रेंच ‘एकोल’शी त्याचे साम्य योगायोगाचे नव्हे, अशी टीका झाली. आतातुर्कने स्वतः भूमितीवर एक पुस्तिका लिहून त्रिकोणास ‘मुसेल्लेस’ऐवजी ‘उचगेन’ इ. संज्ञा दिल्या, त्या शालेय शिक्षणात कायम झाल्या. संगणकास तयार केलेला ‘बिल्गिसायार’ हा शब्दही याच परंपरेतला. तथापि ‘किताप’, ‘कालेम’, ‘शेहिर’, ‘हाफ्ता’, ‘दुन्या’ हे मराठी वाचकासही ओळखीचे वाटणारे शब्द शुद्धीकरणातून वाचले.

हानीचा सर्वांत बोलका पुरावा म्हणजे आतातुर्कचे स्वतःचे भाषण होय. ऑक्टोबर १९२७ मध्ये सहा दिवस चाललेले हे ‘नुतुक’ प्रजासत्ताकाचा आधारग्रंथ मानले जाते. ते जुन्या भाषेत असल्याने १९६३ मध्ये त्याचे तुर्कीतूनच तुर्कीत रूपांतर करावे लागले व त्याचे नावही ‘सय्लेव्ह’ असे बदलले. त्यापूर्वीच्या ग्रंथांविषयी वेगळे सांगण्याची आवश्यकता नाही. मशिदींवरील शिलालेख, जमिनीचे जुने दस्तऐवज, आजोबांची पत्रे हे सर्व सामान्य सुशिक्षितास अगम्य झाले. नव्या लिपीत उतरविलेले विसाव्या शतकाच्या आरंभीचे साहित्यही टीपांवाचून समजत नाही. ब्रिटिश तुर्कविद्यातज्ज्ञ जेफ्री लुइस याने या सुधारणेवरील ग्रंथाच्या (१९९९) उपशीर्षकात तिला अनर्थकारी यश म्हटले आहे.

आतातुर्कच्या मृत्यूनंतर (१९३८) शब्दांची निवड ही राजकीय निष्ठेची खूण बनली. १९४५ मध्ये संविधानाचा मजकूर नव्या तुर्कीत लिहिण्यात आला. डेमोक्रॅटिक पक्षाच्या कारकीर्दीत १९५२ मध्ये जुना मजकूर पुन्हा आला. १९३२ पासून तुर्कीत दिल्या जाणाऱ्या अजानीवरील सक्तीही त्याच पक्षाने १९५० मध्ये उठविली. १९६० नंतरच्या दोन दशकांत स्वातंत्र्यास ‘हुर्रियेत’ म्हणणारा उजवा व ‘ओझ्‌गुर्लुक’ म्हणणारा डावा समजला जाई. १९८० च्या लष्करी उठावानंतर, आतातुर्कने मृत्युपत्राने उत्पन्न ठेवलेली ही भाषासंस्था १९८३ मध्ये सरकारी नियंत्रणाखाली आली. १९८५ मध्ये सरकारी नभोवाणी-दूरचित्रवाणीने दोनशेहून अधिक नवे शब्द आपल्या कार्यक्रमांत निषिद्ध ठरविले; तोवर त्यांतील कित्येक बोलण्यात पक्के रुजले होते.

कुर्दी भाषकांना लिपिकायद्याची वेगळीच झळ बसली. तुर्की वर्णमालेत नसलेली, पण कुर्दी लेखनात आवश्यक असलेली क्यू, डब्ल्यू व एक्स ही तीन अक्षरे वापरल्याबद्दल खटले भरले जात. त्याविषयीची शिक्षेची तरतूद २०१४ मध्ये रद्द झाली. त्याच वर्षाच्या डिसेंबरमध्ये राष्ट्रीय शिक्षण परिषदेने ऑटोमन तुर्की हा विषय इमाम-हातिप (धर्मशिक्षणाच्या) शाळांत सक्तीचा व इतर माध्यमिक शाळांत ऐच्छिक करण्याची शिफारस केली. राष्ट्राध्यक्ष एर्दोआन यांनी तिचा जाहीर पुरस्कार केला, तर धर्मनिरपेक्षतावाद्यांनी तीत जुन्या राजवटीच्या पुनरागमनाची चाहूल पाहिली. दरम्यान सोव्हिएट संघाच्या विघटनानंतर आझरबैजान, उझबेकिस्तान व तुर्कमेनिस्तान यांनी रशियन लिपी सोडून रोमन लिपी स्वीकारली होती. सप्टेंबर २०२४ मध्ये बाकू येथेच तुर्कभाषक राष्ट्रांच्या आयोगाने ३४ अक्षरांच्या समान रोमन वर्णमालेस मान्यता दिली.