जोडून सुट्टी आणि उत्तम शुक्रवार

गुड फ्रायडे म्हटलं की मुंबईकराच्या डोक्यात आधी काय येतं? जोडून सुट्टी. शुक्रवार, शनिवार, रविवार. मग विक्रमगडमार्गे गाड्या जव्हारचा घाट चढू लागतात. राजवाडा, हनुमान पॉइंट, सूर्यास्ताचे फोटो. तेवढ्यात फोनवर ‘हॅपी गुड फ्रायडे’ येतं. पाठवणाऱ्याला काय बोलायचं, ‘गुड’ शब्दानंच त्याला फसवलं. इंग्रजीत त्याचा एक जुना अर्थ ‘पवित्र’ असा आहे. आपल्याकडे कोणी उत्तम शुक्रवार म्हणतं, कोणी शुभ शुक्रवार; पण दिवस शोकाचा.

याच पालघर जिल्ह्यात, खाली वसईला, त्या दिवशी चर्चमध्ये जाऊन पाहा. वेदी उघडी असते, वरचं कापडही काढलेलं. घंटा वाजत नाही. मिस्सा होत नाही. दुपारी तीनच्या सुमारास येशूच्या दुःखसहनाचं वाचन होतं, मग एकेक जण पुढे येऊन क्रुसाला वंदन करतो. शेवटी ख्रिस्तशरीर दिलं जातं, तेही आदल्या दिवशीच्या मिस्सातलं. १८ ते ५९ वयाच्या कॅथलिकांना उपवास असतो: पोटभर जेवण एकदाच, मांस वर्ज्य. आपल्या एकादशीसारखी साबुदाणा खिचडीची सोय इथे नाही!

तारीख दरवर्षी का हलते? २१ मार्चला किंवा नंतर येणारी पौर्णिमा धरायची, तिच्यानंतरचा रविवार म्हणजे ईस्टर, आणि त्याआधीचा हा शुक्रवार. म्हणून २०२४ मध्ये तो धुळवडीनंतर चार दिवसांनी आला, २०२३ मध्ये हनुमान जयंतीच्या दुसऱ्या दिवशी. म्हणजे मोखाड्यात विहिरी तळाला जायच्या दिवसांत.

हे मुद्दाम सांगतोय. क्रुसावरच्या येशूच्या सात उद्गारांवर त्या दिवशी प्रवचनं होतात. त्यातला एक उद्गार तहानेचा आहे. बाकीचे सहा मोठे, क्षमेचे, त्यागाचे. हा मात्र साधा, शरीराचा. मला तोच सगळ्यात जवळचा वाटतो.

आता मोखाडा तालुक्यातलं कोचाळे घ्या. तिथलं मध्य वैतरणा धरण २०१४ साली पूर्ण झालं. मुंबईला त्यातून दिवसाला सुमारे ४५५ दशलक्ष लिटर पाणी मिळतं. आणि त्याच तालुक्यातले पाडे एप्रिलमध्ये टँकरची वाट बघतात. तुम्ही घरून भरून आणलेल्या बाटलीत थोडं वैतरणेचं पाणी असेलच. इथूनच खाली गेलेलं, गाडीत बसून परत वर आलेलं. खिडकीतून बाहेर बघाल तेव्हा रस्त्याच्या कडेनं डोक्यावर हंडे घेतलेल्या बायका चाललेल्या दिसतील.