सुख हाती आल्यावर भीती का वाटते?

कॅम्पस मुलाखतीत निवड झाली की पहिला दिवस आनंदात जातो. दुसऱ्या दिवशी मनात येते, जॉइनिंग लेटर आलेच नाही तर? निवडीआधी ही नोकरी तुमच्याकडे नव्हती, त्यामुळे ती जाण्याची भीतीही नव्हती. मग ही भीती येते कुठून?

१. संदर्भबिंदू सरकतो
डॅनियल कानेमन आणि एमॉस ट्वर्स्की यांनी १९७९ मध्ये ‘प्रॉस्पेक्ट थिअरी’ मांडली. तिच्यानुसार माणूस लाभ आणि हानी एका संदर्भबिंदूपासून मोजतो आणि तेवढ्याच लाभापेक्षा हानी त्याला जास्त जाणवते. त्यांच्या १९९२ च्या लेखात हे प्रमाण सुमारे २.२५ पट होते. निवड होताच तुमचा संदर्भबिंदू सरकतो. काल ‘मिळाली तर लाभ’ असलेली नोकरी आज ‘गेली तर हानी’ होते. नोकरी तीच असते, मनावरचे तिचे वजन मात्र वाढते.

२. भीतीत खरे किती?
पाली ग्रंथांत दुःखाच्या तीन प्रकारांपैकी एक ‘विपरिणाम-दुःख’ आहे. सुखद स्थिती बदलते म्हणून होणारे ते दुःख. म्हणजे सुख बदलणारे आहे, ही भीतीची बाजू खरी आहे. तिची चूक होते ती आकाराच्या अंदाजात. डॅनियल गिल्बर्ट व सहकाऱ्यांच्या १९९८ च्या अभ्यासात प्रेमसंबंध तुटणे, विद्यापीठात कायम नेमणूक नाकारली जाणे अशा प्रसंगांचे दुःख किती काळ टिकेल, याचा लोकांचा अंदाज प्रत्यक्षापेक्षा जास्त निघाला.

हा नियम सरसकट नाही. जर्मनीतील एका दीर्घकालीन अभ्यासात, बेकारी सोसलेल्यांचे समाधान पुन्हा काम मिळाल्यावरही सरासरीने पूर्वीच्या पातळीवर आले नाही. म्हणून ‘काळ सगळे बरे करतो’ असे कुणाला सहज सांगू नये.

३. मग करावे काय?
दृष्ट लागेल म्हणून आपण आनंदाची बातमी लपवतो. त्याने हानीची शक्यता कमी होत नाही, हातातला आनंद मात्र कमी होतो. त्याऐवजी कागदावर दोन रकाने करा. पहिल्यात तुमच्या हातातले लिहा: अभ्यास, कागदपत्रे, दुसऱ्या अर्जांची तयारी. दुसऱ्यात हाताबाहेरचे. पहिल्या रकान्यातली कामे उरकली की भीतीचे उपयोगी काम संपले.

स्वाध्याय: सध्या तुम्हाला गमवायची भीती वाटते अशी एक गोष्ट निवडा. ती मिळण्यापूर्वी तुमचा संदर्भबिंदू कोणता होता, हे पाच ओळींत लिहा.