गोरज मुहूर्त आणि मगरिब

हैदराबादेत पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या मराठी घराला मुसलमान पाहुणा नवा नाही. १९१८ साली स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठात आरंभी उर्दू हेच शिक्षणाचे माध्यम होते. आमच्या वडीलधाऱ्यांपैकी कित्येकांचे शिक्षण त्या भाषेतून झाले आणि त्याबरोबरच जन्मभराचे स्नेहही जुळले. घरच्या मंगलकार्याची पहिली पत्रिका देवापुढे ठेवली की पुढच्या चार-दोन पत्रिका या स्नेह्यांकडे जातात. पत्रिका देण्यात आम्ही कधी चुकलो नाही. चुकलो ते पुढेच, आणि ती चूक येथे मोकळेपणाने सांगावी असे वाटते.

आमच्या कन्येचा विवाह मार्गशीर्षात गोरज मुहूर्तावर झाला. वडिलांचे एक वृद्ध स्नेही, ज्यांना आम्ही लहानपणापासून चाचा म्हणत आलो, ते सहकुटुंब आले होते. मार्गशीर्षात येथे पावणेसहाच्या आतच सूर्य मावळतो. गाई रानातून परतण्याची ती आमची मंगल वेळ, आणि मगरिबच्या नमाजेची वेळही नेमकी तीच. आम्ही पंचांग पाहिले, घटका-पळे पाहिली. पण हा योग काही आमच्या ध्यानी आला नाही. चाचा हातात अक्षता घेऊन शेवटच्या मंगलाष्टकापर्यंत उभे राहिले. मग कार्यालयातील एका पोऱ्याला त्यांनी जागा विचारली. त्याने त्यांना मुदपाकखान्यामागे नेले. ओल्या फरशीवर, रचून ठेवलेल्या खुर्च्यांच्या आडोशाला रुमाल अंथरून त्यांनी नमाज पढली. पुढे कित्येक दिवसांनी चाचींच्या बोलण्यातून हे सहज कळले. आम्ही खजील होऊन क्षमा मागायला गेलो, तर चाचा म्हणाले, “नक्को बाबा, इत्ती फिकर नक्को.” दखनीतला हा ‘नक्को’ आपल्याच ‘नको’वरून आलेला. त्या आपलेपणाने आम्ही अधिकच ओशाळलो.

नंतर चाचांकडूनच आम्ही सारे नीट समजून घेतले. दिवसाच्या पाच नमाजांपैकी पहाटेच्या फज्रचा समारंभाशी संबंध येत नाही. दुपारची जुहर आणि उतरत्या उन्हाची अस्र यांना पुष्कळ अवधी असतो. रात्रीची इशा घरी परतूनही पढता येते. खरी तातडीची ती मगरिब. सूर्यास्तानंतर लगेच तिचा आरंभ होतो आणि संधिप्रकाश सरताच, म्हणजे सुमारे सव्वा तासात, तिची वेळ संपते. शियापंथीय मंडळी सूर्यास्तानंतर काही मिनिटे थांबून ती पढतात आणि पुष्कळदा इशाही तिला जोडूनच पढतात. प्रत्यक्ष नमाजेला दहा-पंधरा मिनिटे पुरतात. शुक्रवारची दुपारची नमाज मात्र पुरुष मंडळी मशिदीत जमून पढतात. म्हणून त्या दिवशीचे जेवणाचे निमंत्रण दोन-अडीचनंतरचे असावे. मुसलमानांच्या लग्नपत्रिकांवर ‘बाद नमाजे इशा’ असे छापलेले आपण नेहमी पाहतो. त्यातली सोय आपल्या लक्षात येत नाही, एवढेच.

पुढे वैशाखात चिरंजीवांच्या लग्नाचा स्वागतसमारंभ ठरला. विवाहाचा मुहूर्त आपल्या हाती नसतो, पण स्वागतसमारंभाची वेळ असते. त्या दिवसांत येथे सूर्यास्त पावणेसातच्या सुमारास. आधी सातची ठरवलेली वेळ आम्ही साडेसात केली आणि पंगत सव्वाआठला धरली. तरीही शहराच्या दुसऱ्या टोकाहून येणाऱ्यांना घरून सूर्यास्तापूर्वीच निघावे लागणार, म्हणून कार्यालयातील एक लहान खोली राखून ठेवली. मक्का हैदराबादहून पश्चिमेस, किंचित उत्तरेकडे कललेली. त्या बाजूच्या भिंतीवर तसबीर किंवा आरसा नसेल अशीच खोली पाहिली. तिच्यात धुतलेल्या स्वच्छ चादरी अंथरल्या आणि चपला बाहेर काढण्याची सोय केली. स्त्रियांसाठी मधोमध एक पडदा लावला.

वजूची व्यवस्था आम्हाला सर्वांत महत्त्वाची वाटली. हात, तोंड, नाक, चेहरा आणि कोपरापर्यंत बाहू धुऊन, मस्तकावरून ओला हात फिरवून, शेवटी घोट्यापर्यंत पाय धुवायचे असतात. उभ्याने वापरायच्या बेसिनमध्ये वृद्धांना पाय धुणे कठीण. आम्ही न्हाणीघरात एक चौरंग, बादली, तांब्या आणि कोरडे पंचे ठेवले, आणि निसरड्या फरशीवर पायपुसणे घातले.

जेवणाची अडचण मराठी शाकाहारी पंगतीत येतच नाही. सामिष बेत असेल तर मांस हलाल आहे ना, हे आधी विचारून घ्यावे आणि मद्याचा अंश कशातही नसावा. रमजान दरवर्षी दहा-अकरा दिवसांनी अलीकडे सरकतो, त्यामुळे कधी तो आपल्या लग्नसराईतही येतो. अशा वेळी सूर्यास्ताच्या क्षणी खजूर, पाणी आणि थोडी फळे हाताशी असली की उपवास सोडणाऱ्याला पंगतीची वाट पाहावी लागत नाही.

एक पथ्य मात्र पाळावे. ध्वनिक्षेपकावरून याची घोषणा करू नये. प्रत्येक मुसलमान पाहुणा नमाज पढेलच असे नाही, आणि चारचौघांत त्याच्याकडे बोट दाखवले तर सोयीचा जाच होतो. निमंत्रण देतानाच, “खोली राखून ठेवली आहे,” एवढे हळूच सांगावे आणि समारंभात घरच्या एका जाणत्या मुलाला वाट दाखवायला नेमावे.

त्या संध्याकाळी चाचा थोडे उशिरा पोहोचले. आमच्या पुतण्याने त्यांना खोलीपाशी नेले. ते बाहेर आले तेव्हा दाराशी आमच्या ऐंशी वर्षांच्या मावशी हातात जपमाळ घेऊन उभ्या होत्या. घरी रोज दिवेलागणीला जप करायचा त्यांचा नेम. गर्दीत बसायला निवांत जागा सापडत नव्हती. चाचांनी आत जाऊन एक चादर उचलली, दुमडून जाड केली, पूर्वेच्या भिंतीशी घातली आणि मावशींना बसण्याची खूण करून दार लोटून घेतले.