सीटीएल-थ्रीडी : दोन रेषांची हकीकत

संगणकाच्या पडद्यावरील जी कळ दाबली असता आत गेल्यासारखी भासते, ती वस्तुतः कोठेच जात नाही. वरच्या व डाव्या कडेस एक शुभ्र रेषा, खालच्या व उजव्या कडेस एक काळसर रेषा, आणि दाबताक्षणी छायेची पालटलेली बाजू, एवढ्यावर हा सारा मायाबाजार उभा असतो. या रेषा ओढतो तरी कोण, या कुतूहलाने मला अनेक वर्षे पछाडले आहे. आणि माग काढता काढता मी ज्या फाइलपाशी येऊन थबकलो, तिचे नाव सीटीएलथ्रीडी डॉट डीएलएल.

1990 सालच्या विंडोज 3.0 ने कळांना उठाव दिला खरा, परंतु मजकुराच्या चौकटी, याद्या आणि संवादपेट्या कोऱ्या कागदासारख्या सपाटच राहिल्या. सीटीएलथ्रीडी लिहून ही उणीव ज्याने भरून काढली तो वेस चेरी मायक्रोसॉफ्टच्याच एक्सेल विभागातला. 1988 साली उमेदवारी करीत असताना सॉलिटेअर हा पत्त्यांचा खेळ लिहिणारा तो हाच; पत्त्यांची चित्रे सुझन केअरची, आणि मानधनाच्या खाती चेरीच्या नावे शून्य. साहेब अचानक आले तर पडद्यावर एक्सेलचा खोटा तक्ता झळकवणारी गुप्त कळही त्याने त्या खेळात ठेवली होती, जी कंपनीने काढावयास लावली. (मला विचाराल तर तेथे कंपनीचे चुकले.) नसलेली वस्तू असल्यासारखी दाखविण्याची ही हातोटीच पुढे सीटीएलथ्रीडीत कामी आली असावी, असे मला वाटते. विंडोजकडून एखाद्या चौकटीस निघालेला 'स्वतःस रंगव' हा हुकूम ही फाइल वाटेतच अडवी, चौकटीचे मूळ काम होऊ देई, आणि मग भोवती आपल्या छायारेषा ओढून पार्श्वभूमी करडी करी. मूळ विंडोजला हात न लावता तिचे रूप पालटणारी ही तजवीज इतकी लोभस होती, की बाहेरच्या प्रोग्रॅमकारांनाही ती खुली होताच जो तो आपापल्या फ्लॉपीबरोबर तिची प्रत वाटू लागला.

येथूनच तंट्यास आरंभ झाला. सोळा-बिटी विंडोजमध्ये एका नावाची लायब्ररी, म्हणजे अशी सामाईक फाइल, एकदा स्मृतीत आली की नंतर मागणाऱ्या प्रत्येकास तीच मिळे. म्हणजे सकाळी जो प्रोग्रॅम प्रथम उघडला, त्याची जुनीपुराणी प्रत दिवसभर सर्वांच्या माथी. गावकीची भांडी ज्याने आधी नेली त्यानेच त्यांचे माप ठरवावे, तसा हा कारभार. यावर उतारा म्हणून सीटीएलथ्रीडीव्हीटू असे नवे नाव निघाले, आणि या फाइलने तर विंडोजच्या सिस्टिम फोल्डरबाहेर आपण आढळलो तर 'माझी स्थापना यथायोग्य झालेली नाही' अशी तक्रार पडद्यावर मांडण्याचा शिरस्ता घातला.

तरीही सर्वांत विलक्षण दस्तऐवज म्हणावा तो बत्तीस-बिटी आवृत्तीचा निरोप. सीटीएलथ्रीडी32 या एकाच नावाच्या दोन फाइली होत्या, आकाराने तीस किलोबाइटांच्या आसपास, एक विंडोज एनटीसाठी युनिकोडवर बेतलेली, दुसरी विंडोज 95 साठी. एखाद्या इन्स्टॉलरने पहिली दुसरीच्या जागी टाकली की ती काम नाकारी आणि आपण केवळ एनटीसाठीच आहोत असे निक्षून सांगे. लोक इन्स्टॉलर लिहिणाऱ्यांना बोल लावीत. माझ्या मते खरा दोष भिन्न प्रकृतीच्या दोन फाइलींस एकच नाव देणाऱ्याकडे जातो, कारण सामाईक फोल्डरात नावाखेरीज ओळख पटविण्याचे साधन कोणते?

पुढील इतिहास झरझर सांगण्याजोगा आहे. विंडोज 95 स्वतःच छायारेषा ओढू लागली आणि सीटीएलथ्रीडीचे प्रयोजन संपले. परंतु पडद्यावरील घटक पुरविणाऱ्या कॉमसीटीएल32 या नव्या सामाईक फाइलीस इंटरनेट एक्सप्लोररच्या नव्या आवृत्त्यांबरोबर नवे रूप येऊ लागले, आणि वहिवाटीचा तंटा तसाच पुढे चालू राहिला. सिस्टिम फाइलींवर कोणी हात टाकल्यास मूळ प्रत परत बसविण्याचा बंदोबस्त विंडोज 2000 ने केला. 2001 च्या एक्सपीने तर कॉमसीटीएल32 ची जुनी 5.82 आणि नवी 6.0 अशा दोन्ही आवृत्त्या शेजारी शेजारी नांदवल्या. नवी हवी असल्यास प्रोग्रॅमने मॅनिफेस्ट नामक लेखी अर्जात तसे नमूद करावयाचे. ज्यांनी अर्ज केला नाही, त्यांच्या खिडकीची वरची पट्टी एक्सपीच्या थाटात निळी दिसे आणि आतल्या कळा मात्र विंडोज 95 च्याच करड्या रंगात, त्याच दोन रेषांनिशी.